रुपयाएवढा डाग

नागपूर,
३ नोव्हेंबर १९७३

चि. मुकुंद यास अनेक आशीर्वाद.

तू पत्र लिहीत नाहीस हे मला ठाऊक आहे, आणि मी फक्त काम असलं की लिहिते हे तुला ठाऊक आहे. तेव्हा सरळ कामाचं बोलते.

राजगुरुनगरहून भीमाशंकरची एसटी धर. शेवटचा मोठा चढ लागायच्या आधी उतरलास की डावीकडे जंगलात पायवाट जाते. अर्ध्या तासाने ओढा लागतो. ओढ्यापलीकडे बसलेल्या म्हशीएवढा एक काळा दगड आहे. त्याच्या उत्तरेकडच्या अंगावर राखी-हिरवा डाग दिसेल, भोवती बारीक काळी किनार, साधारण रुपयाच्या नाण्याएवढा. तुला तो कुणीतरी उडवलेला रंगाचा शिंतोडा वाटेल. पण तो जिवंत आहे. त्याला शैवाक म्हणतात. बुरशी आणि शेवाळ यांचा तो संसार आहे. बुरशी घर सांभाळते, शेवाळ स्वयंपाक करतं, आणि दोघं दगडाला अशी चिकटून बसतात की नखाने काय, सुरीनेही सुटत नाहीत. तू खरवडायला जाऊ नकोस.

पुण्याच्या कॉलेजात होते तेव्हापासून, म्हणजे १९६१पासून, डिसेंबरच्या दुसऱ्या रविवारी जाऊन मी तो मोजते. बारा वर्षांत एकही खाडा नाही. आमच्या विभागाचे प्रमुख म्हणतात, "बाई, डाग वाढत नाही, तुमच्या चष्म्याचा नंबर वाढतो." सगळी स्टाफरूम हसते. त्यांना मी तोंडाने उत्तर देणार नाही. सलग सोळा वर्षांचे सोळा आकडे छापणार आणि मग निवृत्त होणार. मध्ये एक जरी वर्ष गळलं तरी सगळं वाया, कारण मग त्यांचं हसणं खरं ठरेल.

आता गुडघा. डॉक्टरांनी चढ बंद केला आहे. तू कारखान्यात तपासनीस, दिवसभर तुझ्या हातात ते बारीक माप घ्यायचं व्हर्निअर. आपल्या घराण्यात तुझ्याइतका लायक माणूस दुसरा नाही. दगडावर मी छिन्नीने दोन बारीक खुणा केल्या आहेत, त्या रेषेत माप घे. मागचा आकडा मुद्दाम सांगत नाही, सांगितला की डोळा तिकडेच ओढ घेतो. तुमची सुट्टी गुरुवारची, म्हणजे रविवारी रजा टाकावी लागेल. ती टाक.

दादाला नमस्कार. वहिनीला विचारलं म्हणून सांग.

तुझी आत्या
सुहासिनी


पिंपरी,
१७ डिसेंबर १९७३

ती. आत्यास साष्टांग नमस्कार.

तुझं काम फत्ते. साहेबांच्या पाया पडून रविवारची रजा मिळवली आणि पहाटेच्या गाडीने निघालो. काय ते जंगल! काय ती थंडी! तुझा दगड लगेच सापडला. दिवसभर त्याच्याशेजारी बसून होतो, पण आजूबाजूला चिटपाखरू नव्हतं. अशा एकांतात माणूस कसा अंतर्मुख होतो.

आकडा: २८.४६ मिलिमीटर.

आमच्या खात्याची पद्धत तुला सांगायला हरकत नाही. शंभर नगांची पेटी आली की पहिला आणि शेवटचा नग मोजतात, मधले अठ्ठ्याण्णव खुर्चीवर बसून लिहितात. आजवर एक पेटी परत आलेली नाही. पण तुझ्या डागाच्या बाबतीत मी असलं काही केलेलं नाही हो. घरचं काम ते घरचं काम.

तुला इतक्या लांबून तो पाहायला मिळत नाही, म्हणून थोडासा नमुना सोलून सोबत पाठवतो आहे. काळजी करू नकोस, कडेकडेने घेतला.

तुझा
मुकुंद


नागपूर,
२ जानेवारी १९७४

चि. मुकुंद यास अनेक आशीर्वाद.

आकडा मिळाला. दशांशाच्या पुढे दोन घरं! आमच्या पट्टीला एवढं बारीक कधी दिसलं नव्हतं. नमुनाही मिळाला. वास फार छान आहे. पुढच्या वर्षी थोडा जास्त पाठव, अभ्यासाला पुरत नाही.

तू लिहितोस चिटपाखरू नव्हतं, याचं मात्र नवल वाटलं. दगडापासून हाकेच्या अंतरावर धोंडीबाची झोपडी आहे. त्याची गाठ पडली नाही? म्हातारा बहिरा आहे, कानाशी जाऊन ओरडावं लागतं. पुढच्या वेळी त्याची खुशाली विचारून मला कळव. माझा फार जीव आहे त्याच्यावर.

तुझी आत्या


पिंपरी,
१६ डिसेंबर १९७४

ती. आत्यास साष्टांग नमस्कार.

यंदाचा आकडा: २९.९६. डाग झपाट्याने वाढतो आहे. तुमच्या प्रमुखांना कळव, त्यांच्याच चष्म्याचा नंबर तपासा म्हणावं.

धोंडीबा भेटले. मागच्या खेपेला ते बहुधा बाजाराला गेले असावेत. कानाशी जाऊन ओरडून ओरडून माझा घसा बसला, पण तुझं नाव काढताच म्हाताऱ्याचे डोळे भरून आले. "बाईंना रामराम सांगा," म्हणाले. मला पेलाभर ताक दिलं. असं ताक पिंपरीत मिळत नाही, इथे दुधातच पाणी असतं तर ताकाचं काय सांगू? निघताना पोचवायला ओढ्यापर्यंत आले. जुनी माणसं ती जुनी माणसं.

नमुना जास्तीचा पाठवला आहे.

तुझा
मुकुंद


नागपूर,
५ जानेवारी १९७५

चि. मुकुंद यास अनेक आशीर्वाद.

धोंडीबाने ताक दिलं हे वाचून मला हसू आवरेना, म्हणजे आनंदाने. त्याने आजवर कुणाला काही दिल्याचं ऐकिवात नव्हतं. आणि पोचवायलाही आला? माझ्यासाठी तो जागचा कधी हलला नाही. तुझ्यात काहीतरी खास असलं पाहिजे.

त्याची बायको कस्तुरा दिसली का? ती माणसांत फारशी येत नाही.

वहिनीला एक विचार. ती मागे लिहीत होती की तिच्या मसाल्याच्या डब्यातलं दगडफूल हल्ली फार लवकर संपतं. का बरं संपत असेल?

तुझी आत्या


पिंपरी,
२२ डिसेंबर १९७५

ती. आत्यास साष्टांग नमस्कार.

कामाची इतकी गर्दी आहे की पत्राला आठवडा उशीर झाला. पण मोजणीला उशीर नाही. दुसरा रविवार म्हणजे दुसरा रविवार.

आकडा: ३१.४६.

कस्तुराबाई दारामागून बोलल्या. नाचणीची भाकरी दिली. धोंडीबांची तब्येत यंदा जरा नरम वाटली. अंगावर घोंगडी घेऊन उन्हात बसले होते. मी चादर नेली होती ती दिली. त्यांना दोन नातवंडं झाली आहेत, मोठी गोड आहेत.

आईच्या दगडफुलाचं म्हणशील तर आमच्याकडे उंदीर झाले आहेत.

नमुना सोबत.

तुझा
मुकुंद


नागपूर,
२० नोव्हेंबर १९७६

चि. मुकुंद यास आशीर्वाद.

अक्षर वाईट आहे, सांभाळून घे. पडून लिहिते आहे. दिवाळीनंतर प्रयोगशाळेच्या पायरीवरून पडले. ज्या गुडघ्याची तक्रार होती तोच मोडला. मांडीपासून घोट्यापर्यंत प्लास्टर आहे, जानेवारीच्या अखेरपर्यंत उठायचं नाही.

यंदाचा आकडा सोळावा. तो आला की लेख छापायला जाईल, एप्रिलमध्ये मी निवृत्त होईन. माझ्या वहीत पंधरा पानं भरलेली आहेत आणि एक कोरं आहे. ते पान भरणं आता फक्त तुझ्या हातात आहे.

लेखात ज्याने मोजलं त्याचं नाव छापतात. तुझं पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, नीट अक्षरात लिहून पाठव.

तुझी आत्या


पिंपरी,
१४ डिसेंबर १९७६

ती. आत्यास साष्टांग नमस्कार.

हे पत्र एकटी असशील तेव्हा वाच, आणि हाताशी फेकून मारण्यासारखं काही ठेवू नकोस.

तुझं नोव्हेंबरचं पत्र आलं तेव्हा मी यंदाचा आकडा आधीच काढून ठेवला होता, ३२.९६. दर वर्षी दीड मिलिमीटर. तुला तेवढंच लिहून पाठवायचं राहिलं होतं. मग वडिलांच्या नावासकट स्वतःचं नाव लिहायला बसलो आणि हात चालेना. पत्र घेऊन फारूककडे गेलो. कॉलनीच्या कोपऱ्यावर त्याचं गॅरेज आहे, माझा शाळेपासूनचा दोस्त. त्याला पहिल्यापासून सगळं सांगितलं. तो पाना खाली ठेवून म्हणाला, "भावा, इंजिन न उघडता काय बिघडलंय ते मी पण सांगतो. पण समोर गाडी तरी असते राव! तू तर दगड पण बघितला नाहीस."

खरं आहे, आत्या. मी एकदाही गेलो नाही. तीनही वर्षं रजा खरी टाकली आणि ती झोपण्यात घालवली. पहिल्या वर्षी कँटीनमधून एक रुपया आणला, व्हर्निअरने मोजला, आणि थोडं वर टाकून तुला कळवलं. नमुने आईच्या मसाल्याच्या डब्यातले. उंदीर मीच. आमच्या खात्यात निदान पहिला नग मोजतात, मी तोही मोजला नाही.

तू तिकडे प्लास्टरमध्ये पडली आहेस आणि इथे मी तुझी पंधरा वर्षं एका नाण्यावर उधळायला निघालो होतो, या विचाराने मला फार लाज वाटली. झोप लागेना. शेवटी परवाच्या रविवारी फारूकच्या मोटारसायकलवरून निघालो. चाकणला प्लग साफ करावा लागला, पुढे थंडीने दात वाजत होते. रस्त्यात उतरलो, पायवाट सापडली, ओढा सापडला. धोंडीबाची झोपडी मात्र सापडेना.

लाकडं गोळा करणारी एक बाई भेटली, गोजाबाई. तिला धोंडीबा विचारला.

"धोंडीबा? असा कुनी न्हाई बा हिथं. झोपडी बी न्हाई. कवाच नव्हती."

फारूकने माझ्याकडे पाहिलं. मी ओढ्याकडे पाहिलं.

"दगडाकडं चाललाय व्हय?" ती म्हणाली. "दर साली एक म्हातारी बाई येती. काठी टेकीत, धा ठिकानी बसत. दिसभर दगडाम्होरं बसती. आमी म्हनतो, तिचा द्येव आसंल. कागद लिवती आन् त्या चिपंखाली डब्यात ठिवती. आमी हात लावत न्हाई."

दगडाची ती चपटी चीप उचलली. खाली बिस्किटांचा पत्र्याचा डबा, आत प्लास्टिकच्या पिशवीत चिठ्ठ्या. सगळ्यांत खाली "१० डिसेंबर १९६१. २७.९. रुपयाएवढा." त्यानंतर एकेक वर्ष. मग या तीन:

"९ डिसेंबर १९७३. ३१.२. मुकुंदला चकित करायला आले, गुडघ्याला पट्टा बांधून. दोघांपुरता चहा आणला होता. पाच वाजेपर्यंत थांबले. मुकुंद आला नाही."

"८ डिसेंबर १९७४. ३१.२. यंदा वाढ नाही. मुकुंद आला नाही. पत्र मात्र येईल."

"१४ डिसेंबर १९७५. ३१.८. चढ सोसला नाही, उतरताना दोनदा बसले. मुकुंद आला नाही."

मी लिहिलं होतं ना, दिवसभर बसलो होतो आणि चिटपाखरू नव्हतं म्हणून? ते वाचताना तुला काय वाटलं असेल, हे विचारायची माझी हिंमत नाही. दगडापुढे बसून मी रडलो. फारूक पाठ करून सिगारेट ओढत राहिला.

मग डाग मोजला. इतका वेळ मी तुझ्या "रंगाच्या शिंतोड्या"ला हसत होतो, पण जवळून पाहिला तर किनार काजळाने काढल्यासारखी रेखीव आहे, आणि मधोमध टाचणीच्या टोकाएवढे काळे ठिपके. दोन खुणांच्या रेषेत दहा वेळा माप घेतलं. नऊ वेळा ३२.० आलं. एकदा ३१.९ आलं, तेव्हा फारूक खोकला होता.

सोळावा आकडा: ३२.०. तो खरा आहे. माझे तिन्ही जुने आकडे फाडून टाक. माझं नाव छापू नकोस, छापण्यासारखं राहिलेलं नाही. डब्यात मी एक चिठ्ठी ठेवली आहे: "१२ डिसेंबर १९७६. ३२.०. मुकुंद आला."

रागाव, पण उत्तर पाठव.

तुझा
मुकुंद

ता. क. धोंडीबा कोण?


नागपूर,
३ जानेवारी १९७७

चि. मुकुंद यास अनेक अनेक आशीर्वाद.

धोंडीबा हा माझा बोका. बहिरा मुळीच नाही, दुधाचं झाकण वाजलं की तीन खोल्यांपलीकडून येतो. त्याने तुला ताक दिलं, डोळ्यांत पाणी आणलं आणि ओढ्यापर्यंत पोचवलं, हे मी त्याला वाचून दाखवलं. त्याने जांभई दिली. कस्तुरा शेजारच्यांची मांजर. नातवंडं मात्र दोन नाहीत, सात आहेत.

तुझे नमुने मी आमटीत घातले. वहिनीचं दगडफूल उत्तम असतं, लवंगेचा वास लागलेला असतो म्हणून अधिकच. दगडफूल आपल्या डागाचं चुलत भावंड, पण ते पानासारखं उचलून निघतं. आपला डाग काढायचा तर छिन्नीने दगडासकट फोडून काढावा लागतो. तू सोलून पाठवलास तेव्हा मी पाकीट हातात धरून हसत बसले होते.

मग तीन वर्षं गप्प का राहिले? पहिल्या पत्राने आधी राग आला. खूप आला. लिहायला बसले, आणि लक्षात आलं की तू मला लिहिलेलं ते पहिलं लांबलचक पत्र होतं. एवढी वर्षं मी नागपुरात एकटी आहे, मुकुंद. माझ्याकडे टपालाने येतात ती कॉलेजची परिपत्रकं. तुझं पत्र खोटं असलं तरी पत्र होतं. धोंडीबाला मी त्यात सोडला तो तू पुन्हा लिहावंस म्हणून. आकड्यांची मला भीती नव्हती. मी स्वतः जात होते तोवर तुझ्या थापा मला परवडत होत्या.

यंदा परवडल्या नसत्या. पडले त्या दिवशी पायाच्या आधी सोळावं पान आठवलं. तुला सगळं ठाऊक आहे असं लिहावं, धमकी द्यावी, असंही मनात आलं. पण धमकीने तू गेला असतास तर मला त्या आकड्याचा भरवसा वाटला नसता. म्हणून फक्त नाव मागितलं. ३२.९६ आला असता तर पान कोरं ठेवलं असतं आणि लेख जाळला असता. डिसेंबरभर पोस्टमन दिसला की मी पडल्यापडल्या मान उंचावून बघायचे. ३२.० वाचलं आणि जीव भांड्यात पडला. खोटं लिहिणाऱ्याला शेवटी शून्य ठेवायचा धीर होत नाही.

लेख गेला. सोळा आकडे, पंधरांपुढे माझं नाव, सोळाव्यापुढे तुझं, वडिलांच्या नावासकट. त्याला दादाची परवानगी मी घेतली. प्रमुखांनी विचारलं, हे गृहस्थ कोण? म्हटलं, पिंपरीचे तज्ज्ञ आहेत. एका डागासाठी दहा वेळा माप घेतात. ते हसले नाहीत.

वर्षाला पाव मिलिमीटर वाढणारा जीव आपल्याला कुणालाच पुरा पाहायला मिळणार नाही. मी निम्मं आयुष्य त्याच्यामागे घातलं आणि तो बोटाच्या नखाएवढाही पुढे सरकला नाही. म्हणूनच तो कुणाच्या तरी हातात द्यायला हवा. माझ्यामागे पोर ना बाळ. वही रजिस्टर पोस्टाने पाठवते आहे. सतरावं पान तुझं.

गुडघा बरा झाला तर डिसेंबरात दगडापाशी भेटू. चहा तू आण.

तुझी आत्या


(बिस्किटांच्या डब्यातली चिठ्ठी)

११ डिसेंबर १९७७. ३२.३. चार वेळा मोजलं, फारूकला खोकायची बंदी होती. तिघांपुरता चहा आणला होता. पाच वाजेपर्यंत वाट पाहिली. गोजाबाई म्हणाली, या साली बाई दिसली नाही. आत्या आली नाही.
मुकुंद


राजगुरुनगर एसटी स्टँड,
गुरुवार, १५ डिसेंबर १९७७

चि. मुकुंद यास आशीर्वाद.

कार्डावर जागा कमी, म्हणून थोडक्यात. रविवारी मुद्दाम आले नाही. मोजणाऱ्याच्या डोक्यावर आत्या बसली की आकड्यात भिडस्तपणा येतो. आज गेले. गोजाबाईच्या जावयाने हात धरला, बारा ठिकाणी बसले. आधी मोजलं, डबा नंतर उघडला. माझा आकडा ३२.३. तुझाही ३२.३. तुझी चिठ्ठी दोनदा वाचली, मग खाली एक ओळ घातली: "आत्या आली, आणि आता पुन्हा तपासायला येणार नाही."

हे कार्ड तुमच्या घरी पडेल तेव्हा मी आत स्वयंपाकघरात असेन आणि तू वाचत असताना तुझं तोंड पाहत असेन. वाचून झालं की मुकाट्याने दगडफुलाचा डबा घेऊन आत ये. आमटी चुलीवर आहे.

आत्या